देवघरातली लक्ष्मी छापील निघाली, आता आजींना कसं सांगू?

या वेळचं पत्र वेंगुर्ल्याकडच्या एका वाचक मैत्रिणीचं आहे. लांब आहे, थोडक्यात देते.

"ताई, मी मुंबईत कॉलेजात कलेचा इतिहास शिकवते. पाच-सहा वर्षं एकोणिसाव्या शतकातल्या चित्रकारांवर छोट्या डॉक्युमेंटरी करतेय, पगारातून पैसे बाजूला टाकून. यंदा राजा रविवर्मांवर चाललीय. आईच्या माहेरी, तिच्या काकूकडे, देवघरात लक्ष्मीची मोठी तसबीर आहे. आजी ८४ वर्षांच्या. त्या म्हणतात, 'ही रविवर्म्याच्या हातची आसा, माज्या आजेसासऱ्यान म्हमयसून हाडलेली.' मे महिन्यात दोन दिवस शूट केलं, आजी कॅमेऱ्यासमोर हेच बोलल्या. निघायच्या दिवशी मी तसबीर जवळून बघितली आणि पोटात गोळा आला, ते ओलिओग्राफ आहे, म्हणजे तैलचित्रासारखा दिसणारा रंगीत छाप. मी काहीच बोलले नाही. आता त्यांचा मुलगा, म्हणजे माझा मामा, म्हणतोय की चित्र विकून घराचं छप्पर करायचंय, तू ओरिजिनल असल्याचं लेटर दे, तुझ्या नावापुढे डॉक्टर आहे, आणि फिल्ममध्येही तसंच दाखव. आजींना खरं सांगितलं तर त्या खचतील. नाही सांगितलं तर मी वर्गात काय तोंडाने उभी राहू? त्यात भावाने रफ कट बघितला नि म्हणाला, लेक्चर वाटतं. फिल्मच सोडून द्यावी असं झालंय."

अगं, आधी लेटरचं. ते लिहायचं नाही. बाकी सगळ्याला वेळ आहे, याला नाही म्हणून पहिलं सांगतेय. मामा प्रेमाने मागतोय, गळकं छप्पर खरं आहे, पावसात त्या घरात काय होत असेल ते मला रत्नागिरीत बसून कळतं, पण तो कागद मामाच्या कपाटात राहणार नाही, तो एका हातातून दुसऱ्या हातात जाईल आणि प्रत्येक हातात तुझं नाव जाईल. आणि मामाला हेही सांग की यात तुझ्यापेक्षा तोच जास्त अडकेल. १९७२ च्या पुरावस्तू आणि कलानिधी कायद्याखाली रविवर्मांची चित्रं १९७९ पासून राष्ट्रीय कलानिधी धरली जातात, मूळ चित्र देशाबाहेर नेता येत नाही, त्यामुळे घेणारा माणूस डोळे झाकून घेणार नाही, तो कॅनव्हास तपासेल, रंग तपासेल, मागची बाजू बघेल, आणि मग 'हे ओरिजिनल म्हणून का विकलंत' हा प्रश्न मामाच्या दारात येऊन उभा राहील. हे फोनवर नको. आमनेसामने बसून, चहा घेत सांग.

पण त्याआधी स्वतःची खात्री करून घे, कारण तू निघायच्या घाईत एकदाच बघितलंयस. जवाहिरे वापरतात तसलं दहापट मोठं दाखवणारं भिंग घे आणि लक्ष्मीच्या गालावर, पदराच्या घडीवर, कमळाच्या पाकळीवर लाव. ब्रशने काढलेल्या तैलचित्रात रंग एकमेकांत ओढलेला दिसतो, त्याला जाडी असते, दागिन्यावरच्या चकाकीचा ठिपका वर आलेला असतो. शिळाछापात, म्हणजे दगडावरून काढलेल्या छापात, बारीक ठिपके दिसतील, गुलाबी, पिवळे, निळसर, एकावर एक पडलेले, आणि ते ओबडधोबड असतील कारण कारागिराने ते दगडावर हाताने टिपलेत. ठिपके जर जाळीसारखे एका रांगेत, एकसारखे असतील तर मग ते नंतरचं ऑफसेट, कॅलेंडरवाल्या काळातलं, आणि मग ते आजेसासऱ्यांचं गणितही परत मांडावं लागेल. कॅनव्हाससारखी खरखर दिसली म्हणून फसू नकोस, छापावर तसा पोत दाबून उठवायचे आणि वरून व्हार्निश द्यायचे, लांबून तैलचित्र वाटावं म्हणूनच. खालच्या कडेला छापखान्याचं नाव आहे का ते बघ, बऱ्याचदा ते चौकटीच्या आत दडलेलं असतं. आमच्या घरच्या सरस्वतीची ती कडच एका फ्रेमवाल्याने कापून टाकली, नव्या चौकटीत बसत नव्हती म्हणे. आम्ही पैसे देऊन घरी घेऊन आलो आणि कोणाच्या लक्षातही आलं नाही, मला कळलं तेव्हा बारा-पंधरा वर्षं उलटून गेली होती.

आता आजींचं. इथे मला माझी एक गोष्ट सांगावीच लागेल.

माझ्या चुलत काकांकडे अशीच एक तसबीर होती, शकुंतलेची, पायातला काटा काढायच्या निमित्ताने मागे वळून बघणारी. काका आल्यागेल्याला ओटीवर उभं करून ती दाखवायचे, ओरिजिनल आहे म्हणायचे. मी तेव्हा नुकती चार पुस्तकं वाचलेली, गणपतीत घर माणसांनी भरलेलं, आरती झाली, प्रसाद वाटून झाला आणि काकांनी कोणा पाहुण्याला ते परत सांगायला घेतलं तेव्हा मी सगळ्यांसमोर म्हणाले, काका हे प्रिंट आहे, घरोघरी असायचं. काका काहीच बोलले नाहीत. पुढच्या गणपतीत गेले तर ओटीवर नुसता खिळा. तसबीर माळ्यावर टाकली होती, आणि आणखी दोन-तीन पावसाळ्यांनी काकू म्हणाली की वाळवीने खाल्ली, चौकटीसकट. मी बोलले त्यात एक अक्षर चूक नव्हतं. पण अर्धंच बोलले, उरलेलं अर्धं मलाच तेव्हा माहीत नव्हतं, आणि काका गेले तरी ते त्यांना सांगायचं राहिलंच. तुला ते सगळं माहीत आहे, तू हे शिकवतेस. म्हणून माझं म्हणणं आहे की आजींना सांग, पण पूर्ण सांग.

'रविवर्म्याच्या हातची' असं आजी म्हणतात ना, तिथूनच सुरू कर. १८८४ मध्ये सर टी. माधवरावांनी, जे आधी त्रावणकोरचे आणि मग बडोद्याचे दिवाण होते, रविवर्मांना पत्र लिहून सुचवलं होतं की तुमच्या चित्रांना मागणी खूप आहे, एका माणसाच्या हातून ती पुरी होणं शक्य नाही, तर निवडक चित्रं युरोपात पाठवून त्यांचे रंगीत छाप काढून घ्या. म्हणजे हात अपुरे पडतायत हे तेव्हाच कळलं होतं. पुढे रविवर्मांनी सयाजीराव महाराजांसाठी पुराणातल्या १४ चित्रांची मालिका केली, ती राजवाड्यात जायच्या आधी लोकांना बघायला ठेवली तेव्हा लोटली माणसं. आणि १८९४ मध्ये युरोपात न पाठवता त्यांनी मुंबईतच स्वतःचा छापखाना काढला, जर्मनीहून यंत्रं आणि तंत्रज्ञ आणून. १८९९ ला तो लोणावळ्याजवळ मळवलीला हलवला. कर्ज झालं, शेवटी फ्रिट्झ श्लायशर नावाच्या त्यांच्याच जर्मन तंत्रज्ञाला विकावा लागला, पण छाप निघत राहिले. म्हणजे तुझ्या आजींची लक्ष्मी त्या छापखान्यातली असेल तर ती मुद्दाम त्यांच्यासारख्या घरांसाठीच केलेली आहे. राजवाड्यातल्या लक्ष्मीची उरलीसुरली नक्कल म्हणून ती आलेली नाही.

आणि ते काम काय होतं ते आजींना सांगशीलच. एकेका रंगाला वेगळा दगड, बव्हेरियातून येणारा गुळगुळीत चुनखडी दगड, त्यावर तेलकट खडूने उलटं चित्र काढायचं, मग पाणी फिरवायचं, तेल जिथे आहे तिथेच शाई धरते, बाकी ठिकाणी पाणी तिला हाकलतं. एक छाप पुरा व्हायला कागद पुन्हा पुन्हा वेगवेगळ्या दगडांवरून जायचा आणि दर वेळी तो केसाइतकाही सरकून चालायचं नाही, नाहीतर लक्ष्मीचे ओठ हनुवटीवर आले असते. हे करणारे कोण होते, त्यांची नावं तसबिरीवर नाहीत. तुझ्या लक्ष्मीला किती हात लागलेत बघ. मला तर हे मूळ चित्राइतकंच थोर वाटतं, आणि हे मी आजींची समजूत काढायला म्हणत नाहीये.

अजून एक, जे मला सगळ्यात मोठं वाटतं. आपल्याकडे गाभाऱ्यापर्यंत कोण जायचं? रत्नागिरीत पतितपावन मंदिर सगळ्या जातींसाठी उघडलं ते १९३१ साली. ज्याला देवळाच्या पायरीवरून मागे फिरावं लागायचं त्याच्याही भिंतीवर त्याआधी तीसेक वर्षं ही लक्ष्मी येऊन बसू शकत होती, हत्ती सोंडेत माळ घेऊन उभा, ती कमळावर, नजर सरळ आपल्याकडे. कोणाची परवानगी लागत नव्हती. तुझ्या फिल्ममध्ये हे आहे का? पत्रात तरी दिसलं नाही. पत्रात सगळं ओरिजिनल मिळालं होतं नि आता गेलं यावरच आहे. तू हरवलंय म्हणतेस ते तुला मिळालंय असं मला वाटतं.

सांगायला दुपारची वेळ बघ, जेवणं झाल्यावर आजी माजघरात आडव्या होतात तेव्हा, मामा-मामी नसताना, कॅमेरा तर गाडीतच राहू दे. त्यांच्या डोळ्यांना भिंगातून दिसेलच असं नाही, तर मोबाईलवर जवळून फोटो काढ आणि मोठा करून दाखव, ते रंगाचे ठिपके त्यांना स्वतःला बघू दे. खोटं, नक्कल, डुप्लिकेट हे शब्द तोंडातून जाऊ देऊ नकोस, ते खरेही नाहीत. छापाचं चित्र म्हण, शिळाछाप म्हण. आणि आजेसासऱ्यांना खोटारडं ठरवू नकोस. त्या माणसाने मुंबईहून बोटीने येताना तसबीर सांभाळून आणली असेल, बंदरात पडावात उतरताना काच फुटू नये म्हणून जपली असेल, घरी येऊन 'रविवर्म्याची आहे' म्हणाला असेल, आणि ते तर खरंच आहे. 'हातची' हा शब्द मागाहून कधीतरी चिकटला असेल. खचतील म्हणतेस, कदाचित दोन दिवस गप्प बसतील, माझे काका आयुष्यभर गप्प बसले, पण त्यांना मी चारचौघांत उघडं पाडलं होतं. शिवाय ८४ वर्षांची बाई, त्या तसबिरीसमोर मार्गशीर्षातले किती गुरुवार केले असतील तिने, ती लक्ष्मी त्यांच्यासाठी कागदाची होती का कॅनव्हासची? मला नाही वाटत त्यांचा हात जोडायचा थांबेल.

मामाला मात्र आजींच्या नंतर सांग, आधी नको. मुलाकडून वाकडंतिकडं कळण्यापेक्षा तुझ्या तोंडून सरळ कळलेलं बरं.

आणि छपराचं. जुन्या ओलिओग्राफला बाजार आहे, जरी-टिकल्या लावून सजवलेल्याला तर हौशी लोक शोधत येतात, पण त्यातून अख्खं छप्पर उभं राहील अशी आशा मामाला लावू नकोस. तू दोन दिवस त्यांच्या घरात शूट केलंस, परत करशील, बाहेरचं लोकेशन असतं तर पैसे मोजले असतेस ना? मग नातं आहे म्हणून फुकट नको. जमेल तेवढं मानधन ठरवून दे. छप्पर नाही झालं तरी चार कौलं बदलतील, आणि मामालाही काहीतरी हातात घेऊन बोलता येईल.

आता फिल्म. मेमधलं आजींचं फुटेज कापू नकोस. त्यांना विचार, तुम्ही आधी असं म्हणाला होतात, ते ठेवू का आणि आता जे कळलं ते पण बोलाल का. हो म्हणाल्या तर तुझ्याकडे एका बाईचं एका चित्राकडे दोनदा बघणं असेल. नाही म्हणाल्या तर नाही, ते फुटेज त्यांचं आहे, तसबीर तेवढी दाखव. या वेळी आजींना रविवर्मांबद्दल विचारूच नकोस, तसबिरीबद्दल विचार. कोणी आणली, कुठल्या बंदराला उतरली, आधी कुठल्या भिंतीवर होती, घरात सुतक असलं की तिच्यावर कापड टाकायचे का, चौकट कोणी बदलली, लहान असताना त्यांना हत्ती आवडायचा का लक्ष्मी. मळवलीच्या छापखान्याला १९७२ मध्ये आग लागली, त्यात बरंच गेलं. आता जे उरलंय ते आजींसारख्यांच्या भिंतीवर आणि आजींसारख्यांच्या डोक्यात.

लेक्चरचं भाऊ बरोबर म्हणाला असेल. मी कट बघितलेला नाही, पण तुझं पत्र बघितलंय, त्यात पहिली दीड पानं तारखा होत्या नि आजी तिसऱ्या पानावर आल्या. यावर मला कुडाळजवळच्या पिंगुळीची आठवण येते, तुमच्या वेंगुर्ल्यापासून असं कितीसं लांब आहे ते! तिथले ठाकर चित्रकथी पिढ्यान् पिढ्या हेच करत आलेत. आधी चित्र उभं करायचं, लोकांना बघू द्यायचं, मग गायचं, मग सांगायचं, आणि सांगून झालं की पुढचं चित्र. पोथीतली चित्रं पाठीला पाठ लावून चिकटवलेली, एक उलटलं की दुसरं. तिथल्या परशुराम गंगावणेंना २०२१ मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हा सगळ्यांनी फोटो टाकले, पण तिथे जाऊन एक आख्यान बसून ऐकलेले किती? तू जा. एक पूर्ण आख्यान ऐक, आणि मग तुझा कट घेऊन बस नि प्रत्येक ठिकाणी बघ की चित्र आधी येतंय का तुझा आवाज आधी येतोय. मला वाटतं अर्ध्या ठिकाणी तुझा आवाज आधी असेल.

तसंच या फिल्ममध्ये फाळक्यांना आण, दोन मिनिटं तरी. ज्यांनी १९१३ ला राजा हरिश्चंद्र काढला त्या दादासाहेब फाळक्यांनी आधी रविवर्मांच्या याच छापखान्यासाठी फोटो-लिथोचं, म्हणजे फोटोच्या मदतीने शिळाछाप काढायचं काम केलेलं. तसबिरीतले देव नंतर पडद्यावर हलायला लागले ते उगाच नाही. आणि तू कॅमेरा घेऊन त्याच तसबिरीसमोर उभी आहेस.

शूटिंगचं थोडं सांगते, तुला माहीत असेल तर सोडून दे. दसऱ्याआधी जाऊ नकोस, हवा कोरडी होऊ दे. काच काढायचा मोह होईल, काढू नकोस, आपल्याकडच्या दमटपणात छाप काचेला चिकटलेला असतो आणि काच ओढली की लक्ष्मीचा चेहरा तिच्याबरोबर येतो. काचेसकट घे, दोन्ही बाजूंनी तिरके दिवे, लेन्सवर काचेची चमक कमी करणारा पोलरायझर, आणि कॅमेऱ्यामागे काळं कापड धर म्हणजे तुझंच प्रतिबिंब काचेत येणार नाही. फ्लॅश नको. कोणी ओल्या फडक्याने किंवा तेलाने पुसायला आलं तर हात धर. समईचा धूर थेट तसबिरीवर येत असेल तर आजींना विचारून समई जरा बाजूला सरकव, आणि चौकटीच्या मागे चारही कोपऱ्यांना बुचाचे तुकडे लावून दे, भिंतीची ओल थेट लागत नाही, मधून हवा खेळते. एवढं केलंस तरी तसबीर अजून बरेच पावसाळे काढेल.

हक्कांचं तू शेवटी एका ओळीत विचारलंयस. रविवर्मा १९०६ ला गेले, चित्रकार गेल्यावर ६० वर्षं कॉपीराइट असतो, तो कधीच संपला. म्युझियममधल्या मूळ चित्राचं शूटिंग करायला म्युझियमची परवानगी लागते ती वेगळी. पुढची फिल्म सावंतवाडीच्या हळदणकरांवर करायचा विचार आहे म्हणतेस, तर ते १९६८ ला गेलेत, त्यांच्या चित्रांवर २०२८ संपेपर्यंत हक्क आहे, वारसांना आधी विचार.

भिंग नसेल तर विकत घेऊ नकोस. माझ्याकडे दोन आहेत, पत्ता कळव, दसऱ्याच्या आत एक कुरिअर करते.